जायलू प्लस : फक्त आमच्याकडेच

३ फेब्रुवारी, सकाळ
आजपासून रोज लिहायचं. पुढे माझं चरित्र लिहिणाऱ्याला बरं पडेल.

‘जायलू प्लस’, किर्गिझ कवनांचं एकमेव ॲप. मालक, संपादक, कॅमेरामन : मी, तुरात. ऑफिस : स्वयंपाकघर. सबस्क्रायबर एकवीस. त्यात बायकोचं अख्खं माहेर एकाच पासवर्डवर बघतं. नातलगाला पासवर्ड नाही म्हटलं तर आमच्या नारीन गावात तोंड दाखवायला जागा राहत नाही. ह्यालाच ग्राहकांची निष्ठा म्हणतात.

बायको, बुरुल, म्हणाली, नवरोजपर्यंत बघते. नाही जमलं तर मुकाट्याने इलगिझच्या टायरच्या दुकानात जायचं. इलगिझ तिचा धाकटा भाऊ. मी लगेच हो म्हटलं. नवरोजला मी ते दुकानच विकत घेणार आहे.

६ फेब्रुवारी
परदेशी ॲपवाल्यांकडे हजारो सिनेमे. आपल्याकडे एकच गोष्ट हवी, पण ती दुसरीकडे कुठेच नको. सापडली! तोलोगोनकाका. तीन तारांचा कोमुझ छेडत जागच्या जागी कवन रचणारा असा अकीन अख्ख्या डोंगरात नाही. करार केला : वर्षभर काका फक्त जायलू प्लसवर गाणार. काकांनी न वाचता सही ठोकली आणि चहा घे म्हणाले. केवढा विश्वास.

१४ फेब्रुवारी
काका एका लग्नात गायले. चार जणांनी फोनवर घेतलं, फुकट पसरवलं. जाब विचारला. म्हणाले, “यजमानानं हातात कोमुझ दिला आणि मी नाही म्हणू? त्यापेक्षा मेलेलं बरं.”
करारात यजमानाचं कलम राहून गेलं. दुरुस्ती करणे.

२२ फेब्रुवारी
पुढच्या लग्नात जातीने गेलो. पाहुण्यांचे फोन गोळा करायला दारात पिठाचं रिकामं पोतं घेऊन उभा राहिलो. नवरीच्या आत्याने ते माझ्या डोक्यावर उलटं केलं. पोतं तितकंसं रिकामं नव्हतं.
बाजारपेठ अजून कच्ची आहे.

१० मार्च
सुचलं. नवरोजला सांस्कृतिक भवनात जुगलबंदी : तोलोगोनकाका विरुद्ध अतबाशीची साल्किनाय. पोरगी तिखट आहे. सामना जगात फक्त जायलू प्लसवर. फोन दाराबाहेर, पोलिसाच्या ताब्यात. पोलीस बुरुलचा मावसभाऊ.

बुरुल म्हणते, अकीन समोर बसलेल्याला सोडत नाहीत, तू आपला मागे बस. मालक मागे बसतो का कधी?

२१ मार्च, संध्याकाळ
बंदोबस्त चोख. एक फोन आत आला नाही. मी पहिल्या रांगेत, नव्या मखमली अंगरख्यात.

साल्किनायने काकांना डिवचलं, तुमची जीभ म्हणे कुणी वर्षाच्या बोलीने नेली. काका माझ्याकडे बघून हसले. कॅमेरा चालू होता, म्हणून मीही हसलो. मग काका गायले :

“वाऱ्याला कुलूप लावलं तुरातनं,
किल्ली ठेवली खिशात जपून;
वारा गेला गावभर हिंडून,
तुरात बसलाय खिसा धरून.”

हॉल गडाबडा लोळला. दाराबाहेरचा पोलीससुद्धा. आपल्यात ज्याच्यावर कवन होतं त्यानेच अकीनच्या खांद्यावर आपला अंगरखा घालायचा असतो. घातला. घरी कुडकुडत आलो.

पण हे चित्रण जगात फक्त माझ्याकडे आहे. उद्या झुंबड.

२२ मार्च
एकही चित्रफीत फुटली नाही. पूर्ण विजय.
नवे सबस्क्रायबर : शून्य.

नानवाली तंदूरमध्ये हात घालताना तेच कवन म्हणत होती. मिनीबसचा ड्रायव्हर म्हणत होता. मागच्या सीटवरच्या दोन बायकांनी साथ धरली. सासऱ्यांनी फोन करून सगळं पाठ म्हणून दाखवलं आणि विचारलं, चाल बरोबर आहे ना? होती. फोन बाहेर ठेवले, तोंडं आत सोडली. सगळ्यांना पाठ आहे, मग बघायचं कशाला? ह्या मुद्द्याचा विचार झाला नव्हता.

२५ मार्च
बुरुलने माझ्या जुन्या कोटाचं अस्तर शिवलं आणि तो खुंटीला लावला. टोमणा मारला असता तर भांडता तरी आलं असतं. फार वाईट वाटलं.

२ एप्रिल
टायरचं दुकान. तात्पुरतं. लोकांची आवड जवळून अभ्यासण्यासाठी.
इलगिझ चांगला आहे. गिऱ्हाइकांसमोर दाजी म्हणतो, हाताखालचा माणूस म्हणत नाही.

दुपारी बिश्केकचा एक ट्रकवाला आला, पंक्चर घेऊन. कवन गुणगुणत होता. शेवटची ओळ म्हणाला, “तुरात बसलाय टायर धरून.”
मी सांगितलं, मूळ शब्द खिसा आहे. त्याने विचारलं, तुम्हाला काय माहीत? म्हटलं, मी तिथे होतो, पहिल्या रांगेत.
“नशीबवान आहात,” तो म्हणाला. “त्या तुरातचं तोंड बघायला मिळालं असतं ना, तर मी पैसे मोजले असते.”

जायलू प्लस मी कालच बंद केलं. मान खाली घालून त्याचं पुढचं चाक काढलं.