चित्रातल्या मुलीचं सुतक

तीर्थरूप ताईस,

धाकटीचा वाकून नमस्कार. देवाच्या कृपेने सुखरूप पोचले. टॅक्सी न करता बसनेच आले. गुडघा बरा आहे, लेकही ठीक आहे. तुझा खोकला थांबला का?

पण ताई, परवा काय घडलं ते ऐक. मी पोथी वाचत होते आणि आतल्या खोलीत लेक हमसून हमसून रडायला लागली. "आई, ती गेली गं," एवढंच बोलली. ऑफिसातही रजा कळवली. मला वाटलं, कुणी जिवलग मैत्रीण असेल. मी डोक्यावरून पाणी घेतलं, देवापुढे दिवा लावला आणि विचारलं, "पदरात मुलं किती गं तिच्या?"

तर ती जपानी कार्टूनमधली! डोक्याचा गोटा केलेली, नाकावर व्रण, लग्नाला ठाम नकार देणारी जहाजाची कप्तान! संध्याकाळी लेकीच्या चार मैत्रिणी आल्या, त्यांचेही डोळे सुजलेले.

त्या गेल्यावर मला राहवेना. म्हटलं, "बाबा गेले तेव्हा तुझ्या डोळ्यांतून टिपूस आलं नाही, आणि या चित्रासाठी एवढं?"

ती म्हणाली, "तेव्हा तू रडत होतीस, आई. कुणीतरी उभं राहायला हवं होतं. हिचा बाप बुडाला तेव्हा हिनेही रडायचं सोडून सुकाणू धरलं होतं. हिच्याकडे बघूनच मी निभावलं."

ताई, मी अजून सावरले नाही. तू तेव्हा आमच्याकडेच होतीस. खरं सांग, माझी पोर त्या दिवसांत कधी जेवली, कधी झोपली, तुझ्या तरी लक्षात आलं होतं का?

तुझी,
धाकटी