चौथी वीट

पप्पा, माझ्याही खुब्याची वाटी फुटली. नायगावात रिक्षा उलटली आणि मांडीचं हाड वाटी फोडून आत घुसलं. पट्टी आणि स्क्रू घालून डॉक्टरांनी ती सांधली आहे. तीन महिने हा पाय जमिनीला टेकवायचा नाही. वॉकर धरून घरात फिरते तेव्हा मागून पावलं ऐकू येतात, एक पूर्ण, एक घासत. तुमची. वळून बघते तर कुणी नसतं.

तुम्ही माडावरून पडलात तेव्हा मी अकरा वर्षांची होते. ऑपरेशनचं कुणी बोललंच नाही. पायाला पट्टे बांधले, पलंगाच्या टोकाला कप्पी लावून तिच्यावरून दोरी सोडली आणि दोरीला चार विटा. ही ओढ दीड महिना सुटता कामा नये, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. आई फुलं घेऊन आगाशीच्या बाजारात जायची, विटांवर लक्ष माझं. महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी फादर आजाऱ्यांना कम्युनियनचा प्रसाद द्यायला घरोघर यायचे. त्या दिवशी तुम्ही सकाळीच दाढी करून घेतलीत.

"बाय, विटा काढ. देव घरी येतो नि मी काय पाय टांगून निजू?"

"डॉक्टर ओरडतील, पप्पा."

"डॉक्टर कुठं येतो कम्युनियन घेऊन?"

मी हसत गाठ सोडली. तुम्ही घामाने डबडबून, हात जोडून बसलात. फादर गेल्यावर मी विटा परत अडकवते आहे. पहिली. दुसरी. तिसरीला तुमचा ओठ दाताखाली जातो.

पाय दोन बोटं आखूड राहिला. "ओढ कुणी सोडली होती?" डॉक्टरांनी विचारलं. "मीच," तुम्ही म्हणालात. आई कितीतरी दिवस तुमच्याशी बोलली नाही. मी दाराआड उभी होते. पुढे तुम्ही लंगडत माडांना पाणी घातलंत, माडावर मात्र पुन्हा चढला नाहीत.

परवा मी माझ्या डॉक्टरांना तुमचं सांगून विचारलं, ओढ थोडी कमी पडली तर? ते म्हणाले, "नुसत्या ओढीने तेव्हा किती जमलं असतं, आज सांगता येत नाही."

तुम्ही विटा फक्त तेवढ्यापुरत्या काढायला सांगितलं होतं. चौथी वीट मी माझ्या मनाने पलंगाखाली सरकवली आणि बाकीच्यांवर चादर ओढली. तुमचा ओठ बघवेना. आठ दिवस ती तिथेच होती. दोरी हलकी झाल्याचं तुम्हाला कळलं नसेल? कधी बोलला नाहीत.

नोव्हेंबरात सगळे मेणबत्त्या घेऊन कबरस्तानात तुमच्याकडे येतील, तोवर मलाही चालता येईल. तुम्हाला लिहिलेला हा कागद मात्र घरीच राहील. आई शेजारी उभी असेल, पप्पा, आणि तिच्यासमोर "मीच" म्हणायला मला अजून जमत नाही.