आधी डोंगल काढायचं

सोम. ३ नोव्हें.
विंडोजने रात्री स्वतःहून अपडेट घेतलं आणि सकाळी डिझाइनचं सॉफ्टवेअर उघडेना. ‘लायसन्स की सापडत नाही.’ की म्हणजे बोटाएवढं डोंगल, समोरच लावलंय. दिवा मात्र बंद. ड्रायव्हर पुन्हा टाकला. काही नाही. मालक येऊन म्हणाले, "मग आता साचे रांगोळीने काढणार का?" निनाद असता तर... असो.

मंगळ. ४
सगळे पोर्ट बदलून झाले. परत ड्रायव्हर. दिवा नाही. सपोर्टवाला म्हणतो, तक्रार नोंदवलीय. उपकार झाले.
आम्हा दोघा डिझायनरांत हे एकच डोंगल होतं. डबा खाऊन झाला की मी निनादला द्यायचे, सकाळी तो मला. "घ्या मॅडम, राज्य तुमचं." काढल्या काढल्या गरम असायचं. टेबलावर ठेवलं तरी चाललं असतं, पण कोणी कधी ठेवलं नाही. हातातच द्यायचं.
गणपतीनंतर तो धायरीच्या कारखान्यात गेला. आता डोंगल दिवसभर माझंच. नकोय मला.

बुध. ५
फोन करावा का? कामाचाच तर आहे. नंबर काढला, फोन तसाच ठेवून दिला. आमच्या शिवण्याच्या कारखान्याहून धायरी काही परदेश नाही, तरी ना त्याचा फोन ना माझा. डायरीत एकेरी, तोंडावर अजून अहो-जाहो. फार आठवण येते. लिहून टाकलं. बरं वाटायला हवं होतं.

गुरु. ६
डबा खाताना आठवलं, तो ओरडायचा, "आधी डोंगल काढायचं, मग ड्रायव्हर!" मी रोज लावून ठेवूनच टाकत होते. काढलं. जुना ड्रायव्हर उडवला, मशीन पुन्हा सुरू, नवा टाकला, मग डोंगल. दिवा लागला! मालक खूश, म्हणजे काही बोलले नाहीत.
मग जिन्यात जाऊन त्याला फोन केला. म्हटलं, "अहो, डोंगल चालत नाहीये."
का म्हटलं, देव जाणे.
"लावून ठेवूनच टाकलात ना ड्रायव्हर?" हसला. "शनिवारी सुट्टी आहे मला. येऊ का बघायला?"
"या."

शुक्र. ७
दिवा सुरेख लागलाय, दिवसभर काम झालं. पंचाईत. ड्रायव्हर उडवून दिवा पुन्हा घालवणं सोपं आहे. किंवा उद्या सरळ सांगायचं, चालतंय हो, तुम्हालाच बोलवायचं होतं. हे काही सोपं नाही.
निघताना यातलं काहीच केलं नाही. डोंगल काढलं, गरम होतं, पर्समध्ये टाकून घरी आणलं.
उद्या काय बोलायचं ते अजून ठरत नाही. टेबलावर ठेवायचं नाही, एवढं ठरलंय.