मधून तोडलेली गोळी

बाबा, तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली. सिंदीचं आपलं मेडिकल आता मीच चालवते आणि गिऱ्हाइकावर तुमच्यासारखीच खेकसते. लहानपणी मी फिटच्या गोळीचे अडकित्त्याने तुकडे करत होते, तेव्हा तुम्ही ओरडलात, "काऊन वं, सुपारी हाय काय ते?" मग मधल्या रेघेवर दोन्ही अंगठे ठेवून ती बरोब्बर अर्धी केलीत. मोठ्या पावरची गोळी घेऊन अर्धी केली की गरिबाला स्वस्त पडते, हे तुम्हीच शिकवलंत. अख्खं गाव तसंच करायचं.

ती गोळी आता मिळत नाही. सरकारने तिच्या किमतीला मर्यादा घातली, तेव्हा मी खूश झाले होते. पण कंपनीने ती बनवणंच बंद केलं आणि तेच औषध पोटात हळूहळू विरघळणाऱ्या नव्या गोळीत आणलं. नवी गोळी भाव बांधलेल्या सरकारी यादीत नाही, त्यामुळे तिचा भाव दरवर्षी चढतो. मी औषध निरीक्षकांना फोन केला. माणूस भला आहे. "ताई, यादीतली गोळी कोणी महाग इकली त आत्ता येतो. हे यादीतच नाई, मी काय करू?" मला संताप आला, पण त्यांच्यावर काढून काय उपयोग?

हिंगणीची भाजीवाली आठवते ना? तुमच्यासाठी कोवळी वांगी बाजूला काढून ठेवायची. तिच्या मुलीला फिट येतात. काही महिन्यांपूर्वी नवा भाव ऐकून ती म्हणाली, "मोठ्या पावरची घेऊन मधातून तोडतो, पहिल्यासारखी. चालते ना?" दुकानात गर्दी होती. मी मान वर न करता म्हटलं, "चालते."

ही गोळी तोडायची नसते, बाबा. तोडली की सगळं औषध एकदम उतरतं आणि पुढच्या तासांसाठी काही उरत नाही. मला हे माहीत होतं. मुलगी फिट येऊन चुलीजवळ पडली, हात भाजला. आई सांगायला आली, "माह्याच हातानं नीट तुटली नसन, ताई." मी तिला नवी गोळी तोडायची नसते हे समजावून सांगितलं, अगदी शहाण्यासारखं. ती माझ्याकडे बघत राहिली. तिला माझं "चालते" आठवत होतं, तरी ती पिशवी उचलून निघून गेली.

तेव्हापासून मी वर अर्ज पाठवते आहे, नव्या गोळ्यांच्या भावालाही लगाम घाला म्हणून. प्रत्येक अर्जात त्या मुलीचा भाजलेला हात आहे. माझं "चालते" एकाही अर्जात नाही. तिची आई दर बाजाराला दुकानासमोरून जाते. तिला हाक मारायची सोडून मी हे तुम्हाला लिहीत बसले आहे.