नकाशावरचा करडा रंग

राजोडीच्या वाटेवरचं तेच घर,
वसई पश्चिम.
१७ फेब्रुवारी

आदरणीय बळीराम सर,

फर्डिनंड तुस्कानोचा जय ख्रिस्त आणि नमस्कार. मोतीबिंदू काढल्याला आता महिना होत आला. डोळा कसा आहे? थेंब वेळेवर घालता ना? (वहिनी घालत असतील तर ठीक. तुम्ही स्वतः घालत असाल तर अर्धे मिशीवर पडत असणार. स्टाफरूममध्ये वीस वर्षं तुम्हाला चहा पिताना पाहिलं आहे, त्यावरून सांगतो.) भातामागे पेरलेला वाल यंदा कसा आलाय? आम्ही दोघं देवाच्या कृपेने ठीक आहोत. रिटाचा खोकला गेला, माझी पाठ आहे तशी आहे. हे सगळं फोनवर विचारता आलं असतं, पण फोनवर तुम्ही मला एक वाक्य पुरं करू देत नाही, आणि आज मला जे सांगायचं आहे ते कोणी मध्ये न बोलता ऐकावं अशी फार इच्छा आहे. तेव्हा चष्मा लावा आणि बसून घ्या. सर, आम्ही जिंकलो.

काय जिंकलो ते क्रमाने सांगतो. नाताळ उरकल्यावर आमच्या आळीवरून सर्वेक्षणाचा ड्रोन फिरला. आमची शेजारीण पॉलिन (माहेर पाचूबंदर, वय एकाहत्तर, आवाज अजून बंदरावरचाच) हिने ओट्यावर वाळत घातलेले बोंबील टोपलीखाली झाकले आणि तो जाईपर्यंत ती टोपलीवर बसून राहिली. एवढी मोठी घार दुसऱ्या कशासाठी येईल, असं तिचं म्हणणं. पंधरा दिवसांनी चर्चच्या हॉलबाहेर नकाशा लागला. त्यात रंग दोनच, निळा म्हणजे पाणी आणि पिवळा म्हणजे जमीन. कोणाची हरकत असेल तर दहा दिवसांत लेखी कळवावी. रविवारी मिस्सा संपल्यावर सगळी आळी नकाशापुढे जमली आणि जो तो आपापलं घर शोधू लागला. कोपऱ्यावरच्या फ्रान्सिसला घर सापडेना. सापडलं तेव्हा ते निळ्या रंगात होतं. त्याने गळक्या छपरावर निळी ताडपत्री टाकली आहे, ती काँप्युटरने तळं म्हणून धरली. त्याची बायको क्रिस्टिना सर्वांदेखत म्हणाली, "दोन पावसाळे मी हेच सांगतेय, घरात तळं होतं म्हणून. आता तरी पत्रे बदला."

आम्ही हसत होतो, आणि हसता हसता माझ्या लक्षात आलं की नकाशात आमचं बावखल कुठेच नाही. (तुम्हा पूर्वेकडच्या डोंगराच्या माणसांना बावखलाचं महत्त्व कळायचं नाही, म्हणून लिहितो. वाड्यांच्या मधोमध वाडवडिलांनी खणलेलं गोड्या पाण्याचं तळं. पावसाचं पाणी त्यात साठतं, आजूबाजूच्या विहिरी त्याच्यावर जगतात, आणि खाडीचं खारं पाणी त्याच्यामुळे दबून राहतं.) आमच्या बावखलावर यंदा जलपर्णी अशी माजली होती की वरून बघणाऱ्याला ते क्रिकेटचं मैदान वाटावं. काँप्युटरने हिरवं पाहिलं, जमीन म्हटलं आणि पिवळा रंग भरून टाकला. आणि त्या पिवळ्यावरून तुटक रेघांचा एक नवा रस्ता आखलेला होता. तो सरळ बावखलावरून पॉलिनच्या मोगऱ्याच्या वाफ्यांत उतरत होता. पॉलिनला वाचता येत नाही. मी बोटाने दाखवलं तशी ती हळू आवाजात म्हणाली, "मास्तर, कागदावर नाय, तर पानी जानार कुठं?" तिला हळू बोलताना मी आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं.

सोमवारी इस्त्री केलेला शर्ट घालून कार्यालयात गेलो. तिथे सर्वेक्षणाचं काम घेतलेल्या कंपनीचा एक इंजिनीअर बसवलेला आहे, हार्दिक नावाचा. सव्वीस वर्षांचा, नम्र, आणि अंगाने असा की वारा सुटला तर त्याला टेबलाला बांधून ठेवावं लागेल. त्याने मला खुर्ची दिली, पाणी दिलं आणि सगळं समजावून सांगितलं. चित्रातल्या प्रत्येक ठिपक्याला काँप्युटर एक आकडा देतो. मध्ये एक रेष मारलेली असते. आकडा रेषेच्या एका बाजूला पडला की पाणी, दुसऱ्या बाजूला पडला की जमीन. मी विचारलं, आणि अगदी रेषेजवळच पडला तर? तो म्हणाला, "सर, कुठल्या तरी साइडला तर पडणारच ना. सिस्टीममध्ये ऑप्शन दोनच आहेत." अगदी तुमचा आवाज ऐकल्यासारखं वाटलं मला. (आठवतं ना, गणितात उत्तर चूक असतं नाही तर बरोबर असतं, अर्धा मार्क ही ड्रॉइंगवाल्यांची चैन आहे, असं तुम्ही मुख्याध्यापकांसमोर म्हणाला होतात? मी विसरलेलो नाही.) मी लेखी हरकत दिली आणि जागेवर येऊन बघा असा आग्रह धरला. वरिष्ठ अभियंता प्रीतल मॅडम गुरुवारी येते म्हणाल्या.

आता इथे आमच्या हातून जे झालं ते सांगायला थोडी लाज वाटते. गुरुवारी साहेबलोक येणार हे कळताच आळीने ठरवलं की बावखल स्वच्छ दिसलं पाहिजे. बुधवारी सकाळी चाळीस माणसं कमरेएवढ्या पाण्यात उतरली. जलपर्णीची काडी न काडी उपसली, काठ झाडले, क्रिस्टिनाने तर पायऱ्यांवर रांगोळी घातली. मी काठावर खुर्ची टाकून सूचना देत होतो. (पाठीमुळे. रिटा काहीही सांगो.) गुरुवारी प्रीतल मॅडम आल्या. त्यांनी ते लखलखीत पाणी पाहिलं, हातातला पहिल्या ड्रोनचा फोटो पाहिला, पुन्हा पाणी पाहिलं आणि शांतपणे विचारलं, "फोटोत इथे जमीन आहे. मग हा खड्डा तुम्ही कधी खणलात? परवानगी घेतली होती का?"

सर, पस्तीस वर्षं वर्गापुढे उभा राहिलो, पण असा प्रश्न मला कधी कोणी विचारला नव्हता. माझ्या पणजोबांनी ज्यात म्हशी धुतल्या ते बावखल मी बुधवारी खणलं, हा आरोप. उपसलेली जलपर्णी दाखवावी, तर ती फ्रान्सिसने उत्साहात टेम्पो भरून खतासाठी पाठवून दिलेली. मी पणजोबांपासून सुरुवात केली, आजोबांपर्यंत आलो, मॅडम घड्याळाकडे बघू लागल्या. तेवढ्यात पॉलिन लुगडं खोचून पाण्यात उतरली, काठाच्या दगडाखाली हात घातला आणि हातभर लांबीची मरळ कल्ल्याला धरून वर काढली. ती वळवळणारी मासळी तिने मॅडमच्या तोंडासमोर धरली आणि म्हणाली, "काल खनलं बोलता ना, बाय? मग ही काय विरारशी बसनं आली?"

मॅडम दोन पावलं मागे सरकल्या आणि हसल्या. मासळीचं वय त्यांना मान्य झालं. पण त्या म्हणाल्या, "आजी, मला पटलं, पण नकाशा मी रंगवत नाही. मशीनला पटलं पाहिजे." हार्दिकने तिथल्या तिथे ड्रोन पुन्हा उडवला. दहा मिनिटांत लॅपटॉपवर निकाल आला तो असा की बावखल निम्मं निळं आणि निम्मं पिवळं. अर्ध्या पाण्यावर ऊन चमकत होतं, ते काँप्युटरला रेती वाटलं. जलपर्णी असताना एक वेळ ते पूर्ण जमीन तरी होतं. आता आमच्या डोळ्यांदेखत ते मधून चिरलं गेलं होतं. प्रीतल मॅडमना दुसरीकडे जायचं होतं, त्या हार्दिकला ठेवून गेल्या. पॉलिन मरळ हातात घेऊन तशीच घरी निघून गेली.

हार्दिक बिचारा उपाशी होता. मी त्याला घरी आणलं. रिटाने भात, सुक्या जवळ्याची चटणी आणि जेवणानंतर सुकेळी वाढली. ही वाळवलेली केळी त्याने याआधी कधी खाल्ली नव्हती, पाच संपवली. जेवता जेवता त्याने कबूल केलं की त्याला स्वतःलाच हा नकाशा आवडलेला नाही. कामणकडच्या गोदामांची छपरं तर त्याच्या काँप्युटरने आधी तलाव म्हणून काढली होती, ती त्याने एकेक करून हाताने पुसली. मी म्हटलं, हाताने का पुसलीस? तर म्हणाला, "मला माहीत होतं ना, सर, की तिथे गोदामं आहेत." म्हणजे जिथलं त्याला माहीत होतं तिथे न्याय, आणि जिथलं माहीत नाही तिथे रेष.

तेव्हा मी त्याला मागच्या माझ्या चित्रांच्या खोलीत नेलं आणि कपाटातून कोळशाची कांडी आणि कागद काढला. माझ्या हातात दुसरं होतं काय? त्याच्यासमोर एक गोल काढला आणि अर्धा काळा केला. विचारलं, काय दिसतं? "अर्धी भाकरी," तो म्हणाला. मग काळ्या-पांढऱ्याच्या मध्ये बोटाने कोळसा पुसून करडा पट्टा काढला. आता? त्याने भाकरी म्हटलं नाही. "बॉल झाला," म्हणाला. पाचवीच्या पोरांना मी हेच शिकवत आलो की उजेड कुठे संपतो आणि सावली कुठे सुरू होते हे डोळ्याला जिथे ठरवता येत नाही, तिथे जबरदस्ती करू नका, तिथे करडा ठेवा. वस्तू गोल आहे की सपाट, हे तो करडाच सांगतो. हार्दिकने कोळसा माझ्या हातातून घेतला आणि त्या कागदावर एका रेषेऐवजी दोन रेषा मारल्या. "एका रेषेने दोन भाग होतात, सर. दोन मारल्या तर तीन. इकडे नक्की पाणी, तिकडे नक्की जमीन, आणि मध्ये..." त्याला शब्द मिळेना. मी म्हटलं, मध्ये जाऊन बघा.

आणि त्याने खरोखर तेच नाव दिलं, सर. नकाशाच्या कोपऱ्यात छापलेलं आहे, मी भिंगाने तीनदा वाचलं. निळा म्हणजे पाणी, पिवळा म्हणजे जमीन, करडा म्हणजे जाऊन बघा. हार्दिकने ते प्रीतल मॅडमना दाखवलं, मॅडमनी वर पाठवलं, वरून आठवड्यात होकार आला. मग चार दिवस हार्दिक आणि मी, मी पुढे आणि तो छत्री धरून मागे, आमच्या भागातली प्रत्येक करडी जागा पायी बघत फिरलो. एकूण त्रेपन्न निघाल्या. त्यांत एकोणीस बावखलं होती. त्यांतली चार तर मलाही ठाऊक नव्हती, बांबूंच्या बेटात दडून बसली होती. एक जागा निघाली कपडे वाळत घातलेलं मैदान आणि एक फ्रान्सिसचं छप्पर. (ते आता पिवळं झालं आहे. क्रिस्टिना नाराज आहे.)

काल रविवारी सुधारलेला नकाशा लागला. आमचं बावखल निळं आहे, काठापासून काठापर्यंत. रस्त्याची तुटक रेघ उत्तरेला सरकून पडीक जागेतून गेली आहे. मी पॉलिनचं बोट धरून त्या निळ्यावर टेकवलं. तिने ते तिथे जरा वेळ ठेवलं, मग त्याच बोटाने डोळा पुसला आणि नेहमीच्या आवाजात सगळ्या आळीला ऐकू जाईल असं म्हणाली, "मास्तर, तुमच्या चित्रांचा उपेग झाला, मला वाटलंच नव्हतं." एवढी मोठी दाद मला शाळेने निरोप समारंभातही दिली नव्हती. फादरांनी प्रवचनानंतर माझं नाव घेतलं. टाळ्या पडल्या. मी उभा राहिलो, आणि मला मान्य आहे की थोडा जास्त वेळ उभा राहिलो.

तेव्हा गणिताचे सर, अर्ध्या मार्काचा आमचा दावा आता शासनाच्या कागदावर मान्य झाला आहे, याची नोंद घ्यावी. वहिनींना नमस्कार, लेकीला आशीर्वाद. डोळा चोळू नका.

तुमचा, सध्या वसईत बऱ्यापैकी प्रसिद्ध असलेला,
फर्डिनंड

ता. क. तिसऱ्या रंगाचं कार्यालयात इतकं कौतुक झालं की बांधकाम विभागानेही तो उचलला. आजवर त्यांच्याकडे घरं अधिकृत आणि अनधिकृत अशी दोनच प्रकारची होती. आता तिसरा रकाना आहे, जाऊन बघा. माझ्या सन्मानार्थ त्यांनी सुरुवात आमच्या आळीपासून केली. पहिला करडा ठिपका माझ्या घराच्या मागच्या बाजूला पडला आहे. तिथे मी चौदा वर्षांपूर्वी चित्रांसाठी एक खोली काढली. कागदावर ती पडवी आहे, आणि पडवीला स्लॅब नसतो, हे तुम्हालाही माहीत आहे. पुढच्या आठवड्यात गुरुवारी बघायला येणार आहेत. येणार आहे हार्दिक. त्याने कोळशाचा तो गोल त्याच खोलीत बसून पाहिला होता, त्यामुळे ती जागा त्याला शोधावी लागणार नाही.

ता. क. २. खोली रिकामी दिसली तर तिला पडवी म्हणता येईल, म्हणून विनंती. एकशे बारा चित्रं, दोन ईझल आणि एक लोखंडी कपाट एवढं तुमच्या चांदीपच्या घरी भाताच्या कणगीशेजारी काही दिवस ठेवता येईल का? आदल्या दिवशी, बुधवारी सकाळी टेम्पो घेऊन निघेन. ठेवता येईल की नाही एवढंच एका शब्दात कळवा. विचार करतो, बघतो असलं काही लिहू नका. वेळ नाही.

ता. क. ३. सर, मी रिटा. हे पत्र टपालात टाकायला माझ्याकडे दिलं आहे, म्हणून खाली चार ओळी लिहिते. त्या खोलीमुळे चौदा वर्षं माझ्या स्वयंपाकघरात दिवसा दिवा लावावा लागतो. तुम्ही कृपा करून जागा नाही असं कळवा. वहिनींना सुकेळी पाठवते.