डबीतली नामावळी

सोमवार, ६ जानेवारी

डबी बोलेना! हार्ड डिस्क म्हणतात तिला, मी डबी म्हणतो. सकाळी सुनेने, स्वरदाने, लॅपटॉपला लावली तर आतून नुसती टक्... टक्. वायर बदलली. दुसऱ्या भोकात घालून पाहिली. शेजाऱ्यांचा लॅपटॉप आणला. "बाबा, दिसतच नाहीये."

पिढ्यान्‌पिढ्या आमच्याकडे क्रियाकर्माला येणाऱ्या यजमानांची सगळी नामावळी तिच्यात. कोण कोणाचा मुलगा, रामकुंडावर कोणाच्या अस्थी कधी आणल्या. एकोणीस वह्या!

मंगळवार, ७

वह्या आता नाहीत. कसरीने चाळण झाली होती, पान उलटलं की हातात भुगा. स्वरदाने वर्षभर दुपारी बसून पानापानाचा फोटो काढला. मग मी त्या आमच्या गंगेत, गोदावरीत सोडल्या, जीर्ण पोथी सोडतात तशा.

लॅपटॉपवर एक प्रत होती. ती मीच पुसायला लावली. चुलतभाऊ भारतच्या हाती लागली तर तो माझे यजमान फोडेल — हीच धास्ती. "दोन ठिकाणी असू द्या, बाबा," ती म्हणाली होती. मी तिच्यावर ओरडलो.

गुरुवार, ९

स्वरदा बाहेर गेली की लावून बघतो. आज सात वेळा. एकदा हिरवा दिवा लागला. मग टक्.

शनिवार, ११

एम. जी. रोडवरच्या दुकानात नेली. प्रफुल्ल म्हणून आहे, त्याने कानाशी धरून ऐकली. "आतली सुई चकतीवर घासतेय, आजोबा. बिघडल्यावर किती वेळा लावली?"

मी म्हटलं, दोनदा.

स्वरदाने माझ्याकडे पाहिलं. मुंबईला पाठवणार आहेत. तिथे बिनधुळीच्या खोलीत उघडतात म्हणे.

बुधवार, १५

चांदवडहून निवृत्तीचा फोन. त्याचे वडील झुंबरआप्पा रविवारी गेले. "मंगळवारी दहावा, गुरुजी. आज्याच्या खाली आप्पांचं नाव लिव्हायचं हाय. लय सांगून ठेवलंय त्यांनी." या म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

मनात आलं, आठवतील ती नावं घालून जुन्यासारखं पान करावं. त्याला काय कळतंय! त्याच्या पणजोबाचं नाव काही आठवेना. पानाखाली असायची ती माझ्या वडिलांची सही तेवढी काढून पाहिली. हुबेहूब आली. कागद फाडून टाकला.

सोमवार, २०

प्रफुल्लचा फोन. चकतीवर चरे पडलेत. काहीच निघालं नाही. "परत परत लावल्यानं झालं असेल."

स्वरदाला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "माहीत होतं मला. वायर रोज वेगळीच गुंडाळलेली असायची." मग म्हणाली, "उद्या त्यांना खरं ते सांगा. मी येते बरोबर."

मंगळवार, २१

पिंडदान झाल्यावर सांगितलं. नामावळी राहिली नाही. माझ्या हातून गेली.

निवृत्ती मोबाईल काढून बोट फिरवत बसला. मला वाटलं, आता दुसरा गुरुजी शोधणार. त्याने फोन पुढे धरला — त्यांचंच पान! मागच्या सिंहस्थात आप्पांनी फोटो काढून घेतलेला. पणजोबासुद्धा होता!

"आमच्या गावात तुमच्या यजमानांची धा-बारा घरं हायेत, गुरुजी. कोणी ना कोणी काढलाच असंल. इचारतो ना मी. आधी आप्पांचं लिव्हा."

लिहायला जवळ कागदच नव्हता. स्वरदा कोरी वही आणायला धावली.