टॉवेलच्या कारखान्यातलं रेकॉर्डिंग

सोलापूर

प्रिय सिद्धू,

तुझा फोन आल्यापासून तुझी आई डोळ्यांसमोरून हलत नाही. पक्षाघातानं आमच्या रत्नम्मा अव्वांची वाचा जावी! अख्ख्या गल्लीला पुरेल असा आवाज होता त्यांचा. घर मुकं झालंय म्हणालास.

परवा पुण्यात हेवी मेटलच्या कार्यक्रमाला गेलो होतो. शेजारी काळ्या टी-शर्टातली पोरं एका दुर्मीळ रेकॉर्डिंगबद्दल कुजबुजत होती, गाभाऱ्यात बोलावं तशी. कधीच बाहेर न काढलेलं, बँडचं नावसुद्धा ठाऊक नसलेलं. असलं रेकॉर्डिंग म्हणे नुसतं मागायचं नसतं. आधी आपल्याकडचं एखादं द्यायचं, मग मिळतं. आणि मिळालं की साफ करायचं नाही, कुणाचा खोकलाही कापायचा नाही. एकानं दया येऊन माझ्या कानाला हेडफोन लावला. सिद्धू, आपणच रे ते! तुझ्या काकांच्या टॉवेलच्या कारखान्यात, सुट्टीच्या दिवशी वाजवलेलं. 'लई फालतू झालंय, पुसा' म्हणालास, आम्ही पुसलं. पण ज्यावर रेकॉर्ड केलं होतं, तो मोबाइल आपल्या भिमानं पुढं विकला, आतल्या मेमरी कार्डासकट, आणि पुसलेलंही कुणीतरी त्यातून परत काढलं! माझ्या ड्रमवर पोरं जीव टाकतात. निम्मा ठेका शेजारच्या कारखान्यातल्या यंत्रमागांचा आहे, हे मी काही सांगितलं नाही.

खरी कमाल पुढंच आहे. दोन गाण्यांच्या मध्ये जरा शांतता झाली आणि शे-दीडशे पोरांनी हात उंचावून आरोळी ठोकली, "सिद्दू, ऊटक्क बारो!" कन्नड त्यांच्यातल्या कुणाला येत नाही. त्यांना ती लढाईची ललकारी वाटते. 'जेवायला ये' एवढाच अर्थ आहे, हे सांगायला मी तोंड उघडलं आणि तसंच मिटलं. कुठली कोण पोरं, पण कारखान्याच्या दारातून अव्वांनी मारलेली, रेकॉर्डिंगमध्ये शिरलेली हाक त्यांनी जपून ठेवली होती. मला रडू आलं, खोटं कशाला सांगू?

कॉलेजच्या गॅदरिंगचं माझ्याकडचं रेकॉर्डिंग देऊन मी हे मिळवलं. सोबतच्या पेनड्राइव्हमध्ये आहे, अव्वांच्या उशाशी लाव. त्या बोलतील की नाही, देव जाणे, पण स्वतःचा आवाज तरी त्यांना ऐकू येईल. फक्त एक कर. त्यात अव्वा पुन्हा पुन्हा हाक मारतात आणि तू 'आलो, आलो' म्हणत गिटार वाजवतच राहतोस. या वेळी पहिल्या हाकेला ऊठ आणि त्यांच्याजवळ जेवायला बस.

तुझाच, निम्म्या ठेक्याचा धनी,
मल्लिनाथ